नावं भरू नकोस, घडलेलं लिही

अगं, काल रात्री तू फोनवर फिर्यादीचा मसुदा वाचून दाखवलास, तेव्हापासून माझा डोळ्याला डोळा नाही. तुझा छळ झालाय, यात मला तीळभर शंका नाही. गाडीसाठी माहेरून पैसे आण म्हणून नवऱ्यानं हात उगारला, सासूनं दागिने काढून घेतले. हे ठासून लिही. पण त्याखाली नाशिकची नणंद, तिचा नवरा, चुलतसासरे, परगावी नोकरी करणारा दीर, आणि सगळ्यांसाठी मिळून एकच वाक्य: ‘यांनी संगनमताने शारीरिक व मानसिक छळ केला.’ इथे थांब, आणि ताईचं ऐक.

‘सगळ्यांना अडकव, म्हणजे ताळ्यावर येतील,’ असं कुणी तरी तुला सांगितलं असणार. पुढे काय होतं ते सांगते. ती माणसं गुन्हा रद्द करून घ्यायला उच्च न्यायालयात जातात. न्यायाधीश तिथे साक्षीपुरावे तोलत बसत नाहीत. तुझी फिर्याद शब्दशः खरी धरतात आणि एवढंच बघतात, की या माणसानं नेमकं काय केलं? नणंदेच्या नावापुढे त्याचं उत्तर नसेल, तर तिच्यापुरता खटला तिथेच संपतो.

सर्वोच्च न्यायालयानं हे पुन्हा पुन्हा सांगितलंय. २०१० साली झारखंडच्या एका प्रकरणात लग्न झालेली नणंद गुजरातेत राहत होती, दीर आपल्या गोरेगावात, आणि फिर्याद रांचीला. दोघांवरचा खटला रद्द झाला. २०२२ मध्ये बिहारच्या प्रकरणातही सासरच्यांवरचे आरोप मोघम ठरले. डिसेंबर २०२४ मध्ये तेलंगणच्या प्रकरणात तर नवऱ्यावरचा गुन्हाही टिकला नाही. पण त्याच निकालात न्यायालयानं हेही बजावलं, की खरोखर छळ सोसलेल्या बाईनं गप्प बसावं असं आम्ही म्हणत नाही. ते वाक्य तुझ्यासाठी आहे, लक्षात ठेव.

सासरच्यांवरचा गुन्हा रद्द झाला म्हणजे नवरा आपोआप सुटत नाही. पण ‘हिनं सगळं घरच गोवलं होतं,’ हे त्याच्या वकिलाला म्हणता येतं, आणि तुझ्या खऱ्या जखमेवरही संशयाची सावली पडते. ज्यांनी काही केलंच नाही, त्यांनी वर्षानुवर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवाव्यात, हेही न्यायाचं नाही.

१९८३ साली सासरच्या छळाविरुद्धचं ४९८-अ हे कलम आलं, ते हुंड्यापायी बायका जळत होत्या म्हणून. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहितेची ८५ आणि ८६ ही कलमं लागतात. शिक्षा तीच, तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. असा कायदा आपणच मोघम वापरून बोथट करायचा का?

म्हणून वही घे. प्रत्येक प्रसंगाची तारीख, जागा, कोण काय बोललं, कुणी पाहिलं, ते लिही. तारीख आठवत नसेल तर ‘गौरी-गणपतीच्या आदल्या आठवड्यात’ असं लिही. मेसेज, डॉक्टरांचा कागद, बाबांनी बँकेतून पाठवलेले पैसे, सगळं जपून ठेव. स्त्रीधनाची यादी वेगळी कर. ते परत मिळवायला आणि राहायला छप्पर मागायला २००५ चा घरगुती हिंसाचाराचा कायदा आहे. नणंद लांब राहते म्हणून ती निर्दोष, असंही नाही. फोनवरून तिनं पैशांसाठी धमकावलं असेल, तर तोही प्रसंग लिही. आणि फिर्यादीसाठी सासरच्या गावी जायची गरज नाही. माहेरी आसरा घेतलेल्या बाईला तिथल्या पोलीस ठाण्यातही फिर्याद देता येते, हे सर्वोच्च न्यायालयानं २०१९ मध्ये स्पष्ट केलंय.

आज रात्रीच बस. एकेक नाव घे आणि त्यापुढे घडलेलं लिही. ज्या नावापुढे लिहायला काहीच सापडणार नाही, ते नाव खोडून टाक. जी उरतील, त्यांना मात्र सोडू नकोस.