फेअरी क्वीन

यंत्राचे आयुष्य सामान्यतः माणसाच्या आयुष्याहून थोडे असते. काही वर्षे ते राबते. मग त्याहून वेगवान, त्याहून बळकट असे नवे यंत्र येते आणि जुन्याची रवानगी मोडीत होते. त्याचे लोखंड वितळवून दुसरेच काही घडविले जाते आणि जुन्या यंत्राची आठवणही मागे उरत नाही. परंतु १८५५ साली तयार झालेले आगगाडीचे एक इंजिन या नियमाला अपवाद ठरले. ते दोनदा मरणाच्या दारी जाऊन परत आले.

भारतातील उतारूंची पहिली आगगाडी १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्यास गेली. पुढच्याच वर्षी बंगालमध्ये ईस्ट इंडियन रेल्वे कंपनीने हावडा ते हुगळी अशी गाडी सुरू केली आणि १८५५ साली तिचे रूळ राणीगंजच्या कोळशाच्या खाणींपर्यंत जाऊन पोहोचले. याच सुमारास इंग्लंडमधील लीड्स शहरी, किटसन, थॉम्प्सन आणि ह्यूइटसन यांच्या कारखान्यात कंपनीसाठी तयार झालेले एक इंजिन जहाजातून कलकत्त्यास येऊन दाखल झाले. कंपनीने त्याला २२ हा क्रमांक दिला. पुढे चाळीस वर्षे त्या क्रमांकावरच ते ओळखले गेले. १८९५ साली त्याला नाव मिळाले – 'फेअरी क्वीन', म्हणजे पऱ्यांची राणी!

या राणीची बैठक मोठी डौलदार आहे. पुढे लहान चाकांची एक जोडी, मागे तशीच दुसरी आणि मधोमध सुमारे सहा फूट व्यासाची दोन प्रचंड चाके. इंजिनाचे सारे बळ या मधल्या दोन चाकांनाच मिळते. भट्टीत कोळसा धडधडून पेटला की त्याचे तप्त वायू बॉयलरमधील नळ्यांतून जातात. नळ्यांभोवतीचे पाणी उकळते आणि त्याची वाफ होते. कोंडलेली ही वाफ नळकांड्यातील दट्ट्याला पुढे-मागे ढकलते, दट्ट्याचा दांडा चाकाला गती देतो आणि गाडी चालू लागते. बळ घेणारी चाके दोनच असल्यामुळे जड ओझे ओढताना ती रुळांवर घसरत. मात्र हलकी गाडी असे इंजिन सहज ओढून नेई.

म्हणूनच फेअरी क्वीनकडे हावडा ते राणीगंज या मार्गावरील हलक्या टपालगाड्यांचे काम आले. १८५७ च्या उठावात सैनिकांना घेऊन जाणाऱ्या गाड्याही त्याने ओढल्या. पुढे अधिक चाकांची, अधिक शक्तीची इंजिने आली आणि त्याला बिहारमध्ये नव्या लोहमार्गाच्या बांधकामावर धाडण्यात आले. तेथे त्याने १९०९ पर्यंत चाकरी केली. चोपन्न वर्षांच्या सेवेनंतर त्याची भट्टी विझली.

आता त्याच्या नशिबी मोडीची वाट होती; पण तसे घडले नाही. हावड्याला एका चौथऱ्यावर ते उभे करण्यात आले. १९४३ साली तेथून त्याला संयुक्त प्रांतातील चंदौसी येथे नेण्यात आले. तेथील रेल्वे प्रशिक्षण शाळेत येणाऱ्या नव्या उमेदवारांना जुन्या काळचे इंजिन कसे असे, हे ते मुकेपणाने सांगत राहिले. १९७२ मध्ये भारत सरकारने त्याला राष्ट्रीय वारशाचा मान दिला आणि १९७७ साली उघडलेल्या दिल्लीच्या राष्ट्रीय रेल्वे संग्रहालयात त्याला मानाची जागा मिळाली.

दरम्यान काळ झपाट्याने बदलत होता. डिझेलची आणि विजेची इंजिने आली. डिसेंबर १९९५ मध्ये ब्रॉडगेज मार्गावरील वाफेच्या इंजिनांची नित्याची सेवा संपली. इंजिने गेली, तशी त्यांच्याबरोबर एक विद्याही जाऊ लागली. भट्टीत कोळसा किती आणि कोठे टाकावा, चढण येण्यापूर्वी वाफ किती साठवावी, आवाजावरून बिघाड कसा ओळखावा, हे ज्ञान ग्रंथांत पुरते सापडत नाही. ते हातांत आणि कानांत असते. ते हात निवृत्त झाले, की ते ज्ञानही नाहीसे होते.

फेअरी क्वीन पुन्हा चालविण्याचे ठरले, त्याचे मोल येथे दिसते. असे काम सोपे नसते. गंजाने बॉयलरचा पत्रा पातळ होतो आणि दुबळा बॉयलर वाफेच्या दाबाने फुटला, तर प्राणावर बेतते. म्हणून वाफ करण्याआधी बॉयलरमध्ये थंड पाणी दाबाने भरून त्याची परीक्षा घेतात. एखादी फट असलीच, तर पाणी झिरपते. स्फोट होत नाही. सारी सिद्धता होऊन १८ जुलै १९९७ रोजी, म्हणजे ८८ वर्षांनी, हे इंजिन पुन्हा रुळांवर धावले. त्याच वर्षी प्रवाशांना घेऊन ते दिल्ली छावणीहून राजस्थानातील अलवारला जाऊ लागले. त्याचा वेग ताशी ४० किलोमीटरांहून अधिक नव्हता. पण त्याचे दर्शन घेण्यास दूरदूरचे लोक येत. १९९८ मध्ये नियमित चालणारे जगातील सर्वांत जुने वाफेचे इंजिन म्हणून गिनेस बुकात त्याची नोंद झाली.

परंतु ज्याला काळ मारू शकला नाही, त्याला माणसाच्या लोभाने घायाळ केले. २०११ साली त्याचे अनेक भाग तोडून चोरून नेल्याचे आढळले. दीडशे वर्षांपूर्वीच्या इंजिनाचे सुटे भाग कोणत्या बाजारात मिळणार? चेन्नईतील पेरांबूरच्या रेल्वे कारखान्यात कारागिरांनी ते भाग नव्याने घडविले आणि २०१२ च्या अखेरीस फेअरी क्वीन पुन्हा धावले.

पुष्कळ भाग नवे बसविले, मग ते इंजिन जुने कसे म्हणावे, असा प्रश्न कोणी विचारील. जुन्या वाड्याची कुजलेली तुळई बदलली, तरी वाडा तोच राहतो. कारण तो ज्या रीतीने बांधला गेला, ती रीत तुळई बदलणाऱ्याने राखलेली असते. पेरांबूरच्या कारागिरांनीही केवळ लोखंड जोडले नाही. ते लोखंड कसे जोडावे, ही विद्या त्यांनी जोपासली. वस्तू चौथऱ्यावर उभी करून टिकते. ती घडविण्याचे आणि चालविण्याचे ज्ञान मात्र एका हातातून दुसऱ्या हातात गेले, तरच टिकते.