तहान नव्हतीच त्यांना

‘तुम्ही पाणी कमी घातलंत, म्हणून रोपं गेली.’ त्या लँडस्केपवाल्याच्या ऑफिसात हे वाक्य मला दोनदा ऐकून घ्यावं लागलं. मी वाळव्याच्या शेतकऱ्याची मुलगी. सडलेली मुळं पिशवीत घालून सोबत नेली होती. त्यांनी पिशवीत डोकावूनही बघितलं नाही. वर्षभराची हमी पाण्याअभावी मेलेल्या रोपांना लागू नाही, एवढं सांगून मोकळे झाले.

चौदा कोनफ्लॉवर लावले होते. शिकागोच्या पश्चिमेला आमचं नवं घर आहे. बिल्डरने वरची काळी माती केव्हाच खरवडून नेलेली, खाली नुसती पिवळट चिकणमाती. त्यात लँडस्केपवाल्याच्या माणसांनी खड्डे खणले, पिशवीतलं मऊ कंपोस्ट भरलं, रोपांच्या गळ्यापर्यंत लाकडाच्या ढलप्या रचल्या आणि वाफा लॉनच्या स्प्रिंकलरला जोडून दिला. रोज पहाटे वीस मिनिटं. हे फूल इथल्याच प्रेअरीचं, गवताळ रानात उन्हावाऱ्यात वाढणारं. त्याला लॉनसारखं रोज पाणी लागत नाही, हे त्या धंद्यातल्या माणसाला ठाऊक नसेल असं मी मानणार नाही.

जुलैत पानं माना टाकायला लागली. फोन केला तर म्हणाले, उन्हाळा आहे, आणखी पाणी द्या. मी संध्याकाळीही झारी घेऊन उभी राहू लागले. ती चूक माझी, नाकारत नाही. पण सांगितलं कुणी?

एका सकाळी एक रोप सरळ करायला हात लावला आणि ते अख्खं हातात आलं. ओढावंही लागलं नाही. बुडखा तपकिरी, बोटाने दाबला तर साल सुटून आली, आतून तुंबलेल्या गटारासारखा वास. खड्ड्यात पाहिलं तर तळाला पाणी साचलेलं. चिकणमातीत खणलेला खड्डा म्हणजे घागरच झाली होती. कंपोस्ट पाणी पीत होतं, पण ते बाहेर जायला वाटच नव्हती. तिथेच बसून वडिलांना, अण्णांना, व्हिडिओ कॉल लावला. त्यांनी माती मुठीत दाबायला सांगितली. तिचा लाडू झाला आणि बोटांमधून पाणी आलं. अण्णा एवढंच म्हणाले, ‘अगं, वाफसाच नाही. मुळं गुदमरली.’ कृष्णाकाठी जास्त पाणी पाजून रानं क्षारपड झालेली बघत मी वाढले, आणि इथे येऊन वाफसा, म्हणजे मातीत ओलीसोबत हवाही खेळणं, हा शब्दच विसरले होते.

चौदातली तीन रोपं जगली. ती तिन्ही ड्राइव्हवेच्या कडेला, खडीत, जिथे स्प्रिंकलरचा फवारा पोचत नाही तिथे. पाणी कमी पडून मेली म्हणता, मग ही कशी जगली? हे मी त्या ऑफिसात विचारलं. मॅनेजरने कॉम्प्युटरकडे मान वळवली. अजून उत्तर नाही.

तुम्ही लावणार असाल तर आधी फूटभर खड्डा खणून पाण्याने भरा, जिरलं की पुन्हा भरा. दुसऱ्या दिवशी पाणी तसंच दिसलं तर तिथे लावूच नका. त्याऐवजी आठ-दहा इंच उंच वाफा करा. नुसत्या खड्ड्यात मऊ माती भरू नका, माझा घात तिनेच केला. पहिल्या वर्षी पाऊस नसेल तर आठवड्यातून एकदा, सकाळी, बुडाशी, साधारण इंचभर पाणी. रिकामा डबा ठेवून मोजा. त्याआधी बोट दोन पेरं मातीत घाला. ओल लागली तर थांबा. मूळ धरलं की दुसऱ्या वर्षापासून लांबलेल्या कोरड्यातच पाणी.

दुपारी मलूल झालेलं रोप सकाळी ताठ दिसलं तर ते उन्हाने दमलं होतं. सकाळीही मान खाली आणि माती ओली, तर पाणी लगेच बंद करा. ढलप्या बुडख्यापासून चार बोटं लांब ठेवा. सहा तास ऊन हवंच. खत नको, दांडे लांबून लवंडतात. बाकी नेहमीचंच, तण काढा, लक्ष ठेवा. पाकळ्या हिरव्या, वेड्यावाकड्या आल्या तर तो तुडतुड्यांनी पसरणारा अॅस्टर यलोज रोग. उपाय नाही, रोप मुळासकट कचऱ्यात टाका.

मला केशरी, दुहेरी पाकळ्यांचे संकर गळ्यात मारले गेले. तुम्ही साधा जांभळा घ्या, किंवा ‘मॅग्नस’; 1998 साली तो अमेरिकेत वर्षाचं बहुवर्षायू झाड म्हणून निवडला गेला होता. बियांपासून केलंत तर पहिल्या वर्षी बहुधा पानंच येतील, उपटू नका. आणि कुणाकडून लावून घेणार असाल तर पाण्याचं वेळापत्रक त्यांच्याकडून लेखी घ्या. माझ्याशी सगळं तोंडी झालं, तिथेच ते सुटले.

वाळलेली बोंडं मी यंदा कापली नाहीत. गोल्डफिंच पक्षी येऊन बी टिपतात. उरलेलं बी ऑक्टोबरात नव्या उंच वाफ्यात टाकलंय, आणि तिकडचा स्प्रिंकलर पाना घेऊन मी स्वतः बंद केलाय.