चित्रसंकलनाच्या जुन्या आवृत्त्या

संकलनाच्या सॉफ्टवेअरची नवी आवृत्ति निघाली, कीं जुनी टाकाऊ झाली, असा पुष्कळांचा समज असतो. विद्यार्थिमित्रहो, आमच्या लातूर-नांदेडकडे घरोघर पडून असलेल्या टेपांचा विचार केला, तर हा समज किती महाग पडेल तें कळेल.

३० सप्टेंबर १९९३ रोजीं पहाटे किल्लारीच्या भूकंपानें अनेक गांवें जमीनदोस्त झालीं, आणि पुढें त्यांची वस्ती दुसऱ्या जागीं झाली. त्यापूर्वींच्या एखाद्या लग्नाची व्हीएचएस टेप कोणाकडे असेल, तर तींत जुनी वेस, जुने वाडे आणि गेलेलीं माणसें अद्याप हिंडतांना दिसतील. नांदेडास २००८ सालीं गुरु-ता-गद्दीचा त्रिशताब्दी सोहळा झाला. तो कोणी घरच्या कॅमेऱ्यानें टिपला असल्यास मिनी-डीव्ही टेपेवर असण्याचा संभव आहे. ही टेप फायरवायरच्या तारेनें संगणकांत उतरते. तासाभराच्या चित्रणास सुमारें १३ गिगाबाइट जागा लागते. व्हीएचएससाठीं निराळें कार्ड लागतें, आणि त्या काळच्या पुष्कळ कार्डांचे ड्रायव्हर जुन्या विंडोजवरच चालतात. नव्या संगणकास फायरवायरची सोय बहुधा नसतेच. म्हणून टेपा उतरून होईपर्यंत जुना संगणक व त्यावरील जुनी आवृत्ति मोडींत काढूं नये.

प्रोजेक्टच्या फाइलींत चित्र नसतें. कोणता तुकडा कोठून कोठपर्यंत घ्यावा, एवढ्या सूचनाच तींत असतात. फाळके यांच्या काळीं फिल्म कात्रीनें प्रत्यक्ष कापीत. येथें मूळ चित्रण अभंग राहतें. जुन्या सूचना नवी आवृत्ति बहुधा वाचते. नव्या सूचना जुनीस सहसा वाचतां येत नाहींत. पण पहिल्या ‘बहुधा’वरहि फार विसंबूं नये. अ‍ॅपलनें २०११ सालीं फायनल कट प्रो टेन काढलें, तेव्हां त्यांत सातव्या आवृत्तीचे प्रोजेक्ट उघडेनात. आणि २०१९ च्या कॅटॅलिनावर तर ती सातवी आवृत्तिच चालेना! अ‍ॅडोबीचा २०१२ चा सीएस६ संच एकदां विकत घेतला कीं घेणाऱ्याजवळ राही. त्यापुढील प्रीमिअर प्रो २०१३ पासून वर्गणीवर मिळूं लागलें.

यास्तव काम संपतांच तयार चित्रपट सर्वत्र चालेल अशा स्वरूपांत काढून ठेवावा, आणि मूळ चित्रणहि निराळ्या डिस्कवर जपावें. हल्लींच्या मोबाइलचें एच.२६५ चित्रण सीएस६ मध्यें उघडत नाहीं. तें आधीं रूपांतरित करून घ्यावें. जुना संगणक इंटरनेटास जोडूं नये. टेपेवर पांढरी बुरशी दिसल्यास ती स्वच्छ केल्यावांचून यंत्रांत घालूं नये. यंत्राचें हेड बिघडतें, आणि पुढची चांगली टेपहि खराब होते.