फ्रान्सिस्का गाल : एका विनोदी नटीची कारकीर्द

शोकनाट्यातील अभिनेत्रीचा आपण आस्थेने अभ्यास करतो. विनोदी नटीच्या वाट्याला टाळ्या येतात, अभ्यास क्वचितच येतो. म्हणूनच हंगेरीच्या फ्रान्सिस्का गाल या अभिनेत्रीची कारकीर्द मी या लेखासाठी निवडली आहे. विनोदी अभिनय भाषेवर व ओळखीच्या प्रेक्षकावर किती अवलंबून असतो आणि राजकारणाने ही दोन्ही हिरावून घेतली की कलावंताचे काय होते, हे तिच्या चरित्रातून स्पष्ट दिसते.

विसाव्या शतकाच्या प्रारंभी बुडापेस्टमध्ये एका ज्यू कुटुंबात तिचा जन्म झाला. १९२० नंतरच्या दशकात तेथील रंगभूमीवर व कॅबरेत तिने नाव मिळवले. कॅबरे म्हणजे आपल्याकडे समजतात तसा केवळ नाच नव्हे. छोटी प्रहसने, गाणी, चुटके आणि राजकीय कोपरखळ्या यांचा तो रंगमंच होता. समोरच्या प्रेक्षकाचा कल ओळखून क्षणात प्रतिसाद देण्याचे शिक्षण तिथे मिळते.

बोलपट आल्यावर निर्माता जो पास्टरनाक याने तिला ‘पाप्रिका’ (१९३२) या जर्मन चित्रपटात आणले. पण १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि ज्यू कलावंतांना जर्मन चित्रसृष्टीची दारे बंद झाली. तेव्हा ही मंडळी व्हिएन्ना व बुडापेस्ट येथे चित्रपट काढू लागली. फ्रान्सिस्काचे उत्तम काम याच काळातले. ‘पेटर’ (१९३४) मध्ये एक चोर गरीब मुलीचे कपडे पळवतो. मुलाचा वेष चढवल्यावर तिला काम मिळू लागते. ‘क्लाइने मुटी’ (१९३५) मध्ये सापडलेल्या तान्ह्या बाळाची आई म्हणून सारे एका कुमारिकेकडे पाहतात. ‘काथारिना दी लेट्स्टे’ (१९३६) मध्ये ती स्वयंपाकघरातील निरक्षर मोलकरीण आहे. हे तिन्ही चित्रपट हेन्री कोस्टरने दिग्दर्शित केले.

या भूमिकांमध्ये मला एक समान सूत्र दिसते. जग नायिकेला भलतेच कोणीतरी समजते आणि पोटासाठी तिला तो गैरसमज निभावून न्यावा लागतो. हसू येते ते या धडपडीचे. विनोदाच्या मुळाशी बेकारी व गरिबी असल्याने तो पोकळ वाटत नाही.

पुढे हॉलिवूडने तिला बोलावले. सेसिल डीमिलच्या ‘द बकेनीअर’ (१९३८) मध्ये ती डच मुलगी झाली. ‘पॅरिस हनीमून’ (१९३९) मध्ये बिंग क्रॉस्बीसमवेत ती खेडवळ परदेशी तरुणी होती. ‘द गर्ल डाउनस्टेअर्स’ (१९३८) मध्ये तर तिने आपलीच काथारिना इंग्रजीत पुन्हा साकारली. माझ्या मते तिची अडचण इथेच कळते. हंगेरियनमधून जर्मनमध्ये आणि जर्मनमधून इंग्रजीत जाताना दर वेळी ती आपल्या श्रोत्यांपासून दूर गेली. बुडापेस्टमध्ये तिचे बोलणे विनोदाचे साधन होते. अमेरिकेत तिचा उच्चार हाच भूमिकेचा विषय होऊन बसला.

१९४० मध्ये आजारी आईसाठी ती बुडापेस्टला परतली आणि युद्धामुळे अडकली. ज्यूंविरोधी कायद्यांच्या त्या देशात तिला रंगमंच उरला नाही. लपून राहून ती वाचली. १९४६ मध्ये सुरू झालेला तिचा ‘रेने चौदावी’ हा चित्रपट अपुराच राहिला. १९४७ मध्ये ती अमेरिकेत गेली. १९५१ मध्ये ब्रॉडवेवरील ‘द हॅपी टाइम’ नाटकात तिने एव्हा गॅबोरची जागा घेतली. त्यानंतर मात्र पूर्वीचे वैभव परतले नाही. अखेर न्यूयॉर्कमध्येच तिचे निधन झाले.

तिच्या कथा मात्र तगल्या. ‘क्लाइने मुटी’चा ‘बॅचलर मदर’ (१९३९) झाला आणि जिंजर रॉजर्सने तो गाजवला. फ्रान्सिस्काच्या ‘फ्रूयार्सपाराडे’ (१९३४) वरून आलेल्या ‘स्प्रिंग परेड’ (१९४०) मध्ये डिॲना डर्बिन चमकली. कथानकाला सीमा ओलांडता येतात. पण संवाद फेकताना घेतलेला नेमका विराम आणि त्यावर उसळणारा ओळखीचा हशा यांना देशांतर मानवत नाही. विनोदी नटांचा इतिहास लिहिताना त्यांच्या प्रेक्षकांचाही इतिहास लिहावा लागेल, हा या कारकिर्दीचा धडा मला महत्त्वाचा वाटतो.