कोडिंगचं सॉफ्टवेअर हँग होतंय? आधी निदान, मग उपाय



राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० मध्ये सहावी ते आठवीच्या टप्प्यावर कोडिंगचे उपक्रम सुचवले आहेत. आता शाळेच्या संगणक कक्षात आणि घरच्या लॅपटॉपवर व्हीएस कोड, अँड्रॉइड स्टुडिओ, आयडल ही नावं ऐकू येऊ लागली आहेत. सोबत एक तक्रारही येते, "सर, हँग झालं!"

ही तक्रार किरकोळ समजू नका. पस्तीस मिनिटांच्या तासिकेतली पंधरा मिनिटं सॉफ्टवेअर उघडण्यातच गेली, तर मूल गप्प बसतं आणि मनात धरतं की हे आपल्याला जमणारं नाही. पालकांना वाटतं, आता नवीन लॅपटॉप घ्यावा लागणार. दोन्ही निष्कर्ष बऱ्याचदा घाईचे असतात. आजच्या पाठात आपण खरं कारण कसं ओळखायचं ते पाहू.

१) संगणकात अडतं कुठे?

मुलांना समजावताना स्वयंपाकघराचं उदाहरण घ्या. प्रोसेसर म्हणजे काम करणारे हात. रॅम म्हणजे ओटा, चालू कामाचं सामान ठेवायची जागा. डिस्क म्हणजे कोठीची खोली, सगळा साठा तिथे. ओटा लहान असेल तर एक डबा ठेवायला दुसरा उचलून कोठीत न्यावा लागतो. हात चपळ असले तरी सगळा वेळ ये-जा करण्यात जातो. रॅम भरल्यावर विंडोज नेमकं हेच करतं. रॅममधला मजकूर डिस्कवर ठेवतं आणि पुन्हा आणतं. म्हणून स्क्रीन गोठल्यासारखी वाटते.

२) आधी नाडी बघा

कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकदम दाबा. टास्क मॅनेजर उघडेल. त्यात सीपीयू, मेमरी आणि डिस्क असे रकाने दिसतील. सॉफ्टवेअर अडकलेलं असतानाच हे आकडे बघायचे आणि वहीत लिहायचे. नंतर पाहून उपयोग नाही. ताप उतरल्यावर थर्मामीटर लावण्यासारखं होईल ते.

३) आकडे काय सांगतात?

*मेमरी ९० टक्क्यांच्या वर:* ओटा भरला. ब्राउझरचे टॅब, व्हिडिओ मीटिंग, नको असलेले प्रोग्रॅम बंद करा. तरीही फरक नसेल तर सॉफ्टवेअरची गरज तपासा. अँड्रॉइड स्टुडिओला किमान ८ जीबी रॅम लागते, आणि सोबत एम्युलेटर म्हणजे संगणकातला आभासी फोन चालवायचा तर १६ जीबी. म्हणजे ४ जीबीच्या लॅपटॉपवर ते अडखळणारच. त्यात मुलाचा दोष नाही. ८ जीबी असेल तर एम्युलेटर न वापरता खरा अँड्रॉइड फोन केबलने जोडा. बहुतेक फोनच्या सेटिंग्जमध्ये 'बिल्ड नंबर'वर सात वेळा टॅप केलं की डेव्हलपर पर्याय खुले होतात. तिथे यूएसबी डीबगिंग सुरू करायचं आणि काम झालं की बंद करायचं.

इथे एक सल्ला सर्रास मिळतो, "सॉफ्टवेअरची मेमरी सेटिंग वाढवा." हा सल्ला अर्धाच खरा आहे. संगणकात रॅम मोकळी असेल आणि तरी अँड्रॉइड स्टुडिओ मेमरी कमी पडल्याची सूचना देत असेल, तरच मर्यादा वाढवा. रॅम आधीच भरलेली असताना ती वाढवली तर विंडोजला उरलेली जागाही कमी होते आणि संगणक आणखी मंदावतो.

*डिस्क सतत १०० टक्के:* जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर हे नेहमी दिसतं. मिनिटाला ७२०० फेऱ्या घेणाऱ्या डिस्कला एका फेरीला सुमारे ८ मिलिसेकंद लागतात. त्यामुळे विखुरलेल्या ठिकाणांहून वाचायचं झालं तर सेकंदाला साधारण शंभरच ठिकाणं गाठता येतात. समजा, प्रकल्पात २०,००० लहान फाइल्स आहेत. नुसत्या त्या चाळायला २०० सेकंद, म्हणजे तीन मिनिटांहून जास्त! एसएसडीत फिरणारा भागच नसतो, म्हणून ती हे काम कितीतरी पट लवकर करते. जुना संगणक टाकून देण्याआधी एसएसडी बसवून आणि जमल्यास रॅम वाढवून पाहावं. नव्या लॅपटॉपपेक्षा खर्च बराच कमी येतो.

डिस्क कोण वापरतंय तेही त्याच यादीत दिसतं. 'वनड्राइव्ह' वर असेल, तर प्रकल्पाचा फोल्डर डेस्कटॉपवर आहे का ते बघा. डेस्कटॉपचा बॅकअप सुरू असेल तर प्रत्येक लहान फाइल इंटरनेटवर चढवली जाते. फोल्डर त्याबाहेर हलवा आणि मुलांच्या कामाची प्रत आठवड्यातून एकदा वेगळी ठेवा. 'अँटीमालवेअर सर्व्हिस एक्झिक्यूटेबल' वर असेल तर विंडोजची सुरक्षा तपासणी चालू आहे. ती संपू द्या. अँटीव्हायरस बंद करणं हा उपाय नव्हे, विशेषतः शाळेत जिथे रोज नवे पेन ड्राइव्ह लागतात.

*सीपीयू एकाच आकड्यावर अडकलेला:* टास्क मॅनेजरमध्ये चार प्रोसेसर दाखवणाऱ्या संगणकावर एखादा प्रोग्रॅम २५ टक्क्यांच्या आसपास स्थिर दिसला, तर तो एक प्रोसेसर पूर्ण खातोय. तो पायथॉन असेल, तर मुलाचाच प्रोग्रॅम न संपणाऱ्या लूपमध्ये फिरत असण्याची शक्यता मोठी. 'व्हाइल' लूपमध्ये मोजणीची संख्या वाढवायची राहिली की असं होतं. कंट्रोल आणि सी दाबून तो थांबवा. रागावू नका, लूप शिकवायला याहून चांगलं उदाहरण मिळणार नाही.

*सगळेच आकडे कमी, तरी काम पुढे सरकत नाही:* बहुधा इंटरनेटची वाट पाहणं चाललंय. अँड्रॉइड स्टुडिओत नवा प्रकल्प पहिल्यांदा उघडला की ग्रेडल आणि इतर भाग डाउनलोड होतात, मग फाइल्सची सूची बनते. खालच्या पट्टीवर प्रगती दिसते. मध्येच बंद केलं तर बरंचसं काम पुन्हा करावं लागू शकतं. म्हणून ही पहिली उघडणी शिक्षकांनी तासिकेच्या आदल्या दिवशीच उरकावी.

४) व्हीएस कोड: एक्स्टेन्शनची गर्दी

व्हीएस कोड तसं हलकं आहे, पण मुलं व्हिडिओ पाहून वीस-वीस एक्स्टेन्शन टाकतात. हेल्प मेनूतल्या 'ओपन प्रोसेस एक्सप्लोरर'मध्ये भार कुठे आहे ते दिसतं. कंट्रोल, शिफ्ट आणि पी दाबून 'स्टार्ट एक्स्टेन्शन बायसेक्ट' निवडलं, तर सॉफ्टवेअर निम्मी एक्स्टेन्शन बंद करून विचारतं, अडचण आहे की गेली? उत्तरानुसार संशयित निम्मे होत जातात. १६ मधलं एक शोधायला ८, ४, २, १ अशा चार फेऱ्या पुरतात. गणिताच्या तासालाही हे घेता येईल.

५) तीन पथ्यं

• एका वेळी एकच बदल करा आणि पुन्हा आकडे बघा. पाच बदल एकदम केले तर गुण कशाचा आला ते कळत नाही.
• सॉफ्टवेअर काढून पुन्हा टाकणं हा शेवटचा उपाय. रॅम कमी असेल तर त्याने काहीच बदलत नाही.
• शिकण्याची पायरी पाहून साधन निवडा. पायथॉनच्या सुरुवातीला आयडल किंवा थॉनी पुरेसं आहे. थॉनी हे एस्टोनियातल्या तार्तू विद्यापीठात नवशिक्यांसाठीच तयार झालं, मोफत आहे आणि त्यात पायथॉन सोबत येतं.

स्वाध्याय (घरी पालकांसोबत)

१. संगणक नुकताच सुरू केल्यावर आणि कोडिंगचं सॉफ्टवेअर उघडल्यावर मेमरीचे आकडे लिहा. फरक किती?
२. ब्राउझरचे दहा टॅब उघडून पुन्हा मोजा.
३. तिन्ही नोंदींवरून सांगा: आपल्या संगणकात आधी काय कमी पडतं?

हा तक्ता वहीत असेल तर दुरुस्तीवाल्याकडे जाताना किंवा मुख्याध्यापकांकडे रॅमची मागणी करताना नुसतं "स्लो आहे" म्हणावं लागत नाही, आकडे दाखवता येतात. आणि मुलालाही कळतं, अडलंय ते यंत्र, मी नाही.