आमचा टी-शर्ट आणि मावशींचा प्रश्न

सुरुवातीलाच कबूल करते. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं, मराठी आमच्याकडे थर्ड लँग्वेज होती, त्यामुळे लेखातल्या चुका संपादकांनी पोटात घालाव्यात. विषय तसा जड आहे. समाजाने ज्यांना कडेला ठेवलं त्यांची चित्रं आपण काढतो, त्यांच्यावर नाटकं-सिनेमे करतो, लेख लिहितो. हे करायचा आपला हक्क किती आणि जबाबदारी किती? पण मला हा विषय काही थोर चिंतनातून सुचला नाही. टी-शर्टवरून सुचला.

मागच्या वर्षी टेक फेस्टच्या डिझाइन टीममध्ये मी होते. थीम ठरली वारली. काम सोपं वाटलं. दोन त्रिकोण जोडले की माणूस! आमच्या वारली माणसांच्या हातात लॅपटॉप आणि सोल्डरिंग गन, तारप्याच्या नाचाच्या जागी वायरचं वेटोळं, मधोमध नक्षीची चौकट आणि चौकटीत कॉलेजचा लोगो. सगळ्यांनी 'मस्त' म्हटलं. पहिला छापून आलेला टी-शर्ट मी घरी, सिल्व्हर पार्कला, खुर्चीवर पसरून ठेवला होता. आमच्याकडे भांड्याला येणाऱ्या मावशी काशीमिऱ्यापलीकडच्या पाड्यावर राहतात, माहेर डहाणू तालुक्यातलं. त्या थबकल्या, वाकून बघितलं आणि विचारलं, "कोणाचं लग्न आहे?"

मी म्हटलं, लग्न कुठे, फेस्ट आहे.

"मग चौक कशाला काढलास? आणि देवी कुठे गेली? हे गोल काय आहे?"

"तो कॉलेजचा लोगो."

"तो तुमचा देव का?" असं म्हणून त्या हसल्या आणि भांडी घासायला गेल्या. टोमणा नव्हता तो, खरंच विचारलं होतं. (मावशींचं बोलणं मी माझ्याच मराठीत लिहिलंय. त्या अशा बोलत नाहीत. पण त्यांची बोली मला नीट येत नाही, आणि अर्धवट लिहून तिचं हसं करायचं नाही.)

मग मी वाचायला लागले. वारली घरात लग्न असलं की गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक काढतात. बांबूच्या काडीचं टोक चावून केलेला कुंचला, आणि रंग एकच, पांढरा. चौक काढायचा मान सवाष्णींचा. आत पालघाट देवी बसते, लग्न लावते ती धवलेरी, म्हणजे तीही बाईच. चौकाशिवाय लग्न लागत नाही. थोडक्यात, जी आम्हाला 'बॉर्डर' वाटली ती देवीची खोली होती, आणि आम्ही देवीला बाहेर काढून लोगो बसवला होता.

ही चित्रं कागदावर आली १९७०च्या दशकात. भास्कर कुलकर्णी नावाच्या चित्रकाराने डहाणूच्या पाड्यांवर कागद आणि रंग नेले. तिथल्या जिव्या सोमा म्हशे यांनी लग्नाशिवायही, रोजच्या रोज चित्रं काढायला सुरुवात केली. पुरुषाने हे करणं तेव्हा नवलच होतं. त्यांना २०११ साली पद्मश्री मिळाली, २०१८ मध्ये ते गेले. म्हणजे कागदावर आणणं हेच पाप, असं मी म्हणत नाही. म्हशे स्वतः वारली होते; काय घ्यायचं, काय भिंतीवरच राहू द्यायचं, हे ते ठरवू शकत होते. आम्ही मात्र इमेज सर्च करून दहा मिनिटांत ठरवलं.

याच शोधात गोदावरी परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो' हातात आलं. १९७०चं पुस्तक, १९७२चा साहित्य अकादमी पुरस्कार. माझ्या मराठीच्या स्पीडने तीन आठवडे लागले, पण सोडवेना. त्यात एक शब्द भेटला, 'लग्नगडी'. लग्नासाठी सावकाराकडून कर्ज घ्यायचं, आणि ते फेडायला नवरा-बायकोने त्याच्याकडे राबायचं. कर्ज फिटायचंच नाही, माणूस मात्र आयुष्यभर बांधला जायचा. त्या वेठीविरुद्ध १९४५ मध्ये तलासरी-डहाणूचे वारली उठले. म्हणजे ज्या चौकासमोर लग्न लागायचं, त्याच लग्नाने माणसं गहाण पडायची. आपल्या रेस्टॉरंटच्या आणि बिल्डिंगच्या भिंतींवरचे वारली सदा नाचत असतात. नाच खोटा नाही. पण फक्त नाचच घेतला तर बाकीचं पुसलं जातं, आणि ते पुसलंय हे कळतही नाही.

परुळेकर वारली नव्हत्या. शहरातल्या, कायदा शिकलेल्या, वरच्या जातीतल्या. 'बाहेरच्यांनी लिहूच नये' असा नियम केला तर हे पुस्तक आपल्याला मिळालंच नसतं. पण त्या पाड्यांवर राहिल्या, लढ्यात उतरल्या, तुरुंगात गेल्या, आणि पुस्तक आलं ते लढ्यानंतर पंचवीस वर्षांनी. आधी नातं, मग लेखन. हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो.

क्रम उलटा झाला की काय होतं, ते विजय तेंडुलकरांच्या 'कमला' नाटकात आहे. १९८१ साली अश्विनी सरीन या पत्रकाराने बायकांचा बाजार भरतो हे सिद्ध करायला एक बाई खरोखरच पैसे देऊन आणली आणि 'इंडियन एक्सप्रेस'मध्ये बातमी दिली. त्यावरून हे नाटक सुचलं. नाटकातला पत्रकार जयसिंग जाधव कमलाला पत्रकार परिषदेत उभी करतो. लोक नको ते प्रश्न विचारतात, हसतात. बातमी खरी, हेतूही वाईट नाही. पण ज्या बाईसाठी हे चाललंय तिला कोणी विचारलेलंच नाही! आणि ती मात्र जयसिंगच्या बायकोला, तुम्हाला कितीला घेतलं, असं सहज विचारते. मावशींचा 'तो तुमचा देव का' मला तेव्हा आठवला. ज्याचं चित्र काढलं तो बोलायला लागला की चित्र काढणाराच चित्रात येतो.

तेंडुलकरांचंच दुसरं उदाहरण उलट आहे. नामदेव ढसाळांच्या 'गोलपिठा'ला (१९७२) त्यांची प्रस्तावना आहे. त्यात एवढा मोठा नाटककार आपल्याला न कळलेल्या शब्दांची यादी देतो आणि ढसाळांबरोबर ती वस्ती बघायला जातो. मला हे फार आवडलं. 'मला कळत नाही' हे व्हायव्हात म्हणताना आपली काय अवस्था होते, आठवा.

फर्स्ट इयरला ड्रॉइंग शीटच्या कोपऱ्यात टायटल ब्लॉक काढायचो. 'ड्रॉन बाय'च्या खाली 'चेक्ड बाय'. ती सही नसेल तर शीट जमा होत नसे, कितीही सुंदर असो. आमच्या टी-शर्टवर ती सही कोणाची असायला हवी होती, हे आता कळतं.

हा लेख छापायच्या आधी मी मावशींना वाचून दाखवला. त्यांनी दोन गोष्टी सांगितल्या. नाव घालू नकोस, बाकीच्या कामाच्या घरी कळायला नको. आणि म्हशेंबद्दल लिहिलंस ते बरं केलंस. लग्नगडीबद्दल विचारलं तर म्हणाल्या, आजीकडून ऐकलंय, आणि चहाचं भांडं उचलून आत गेल्या. मी पुढे विचारलं नाही.

यंदाच्या कमिटीला पुन्हा वारलीच हवी आहे. मी मावशींना विचारलं, कोणी काढून देईल का? त्यांची वहिनी काढते. देवी सोडून काय काढता येईल ते ती सांगेल म्हणाल्या, आणि लगेच विचारलं, "पैसे किती देणार?" मी बजेट शीट उघडून बघितली. त्यात प्रिंटिंगचा रकाना आहे, कुरिअरचा आहे, चहा-समोशांचासुद्धा आहे. चित्र काढणाऱ्याचा नाही. शनिवारच्या मीटिंगमध्ये तो रकाना घालायचा ठराव मी मांडणार आहे. ट्रेझरर आत्ताच नाही म्हणतोय.