यादीत नाव नसलेल्या भाच्यास

चि. ओंकार यास,


ताईचा फोन आला होता. निवड चाचणीच्या यादीत तुझं नाव नाही आणि तू बूट कुणाला तरी देऊन टाकायला निघाला आहेस, असं ती म्हणाली. विसाव्या वर्षी मैदान सोडणं मला मान्य नाही. म्हणून आज फुटबॉलपटू इयन राइटबद्दल लिहितो. तुझ्या खोलीत थिएरी ऑन्रीचा फोटो आहे ना? त्याने २००५ साली आर्सेनलच्या सर्वाधिक गोलांचा विक्रम मोडला, तो या राइटचा होता. १८५ गोल.

राइट दक्षिण लंडनचा. साउथेंड, ब्राइटन इथे चाचण्या देऊन आला, कुणी घेतलं नाही. एकोणिसाव्या वर्षी गाडीचे दंड थकवले म्हणून चेम्सफर्डच्या तुरुंगात गेला. सुटल्यावर गिलाव्याची, मजुरीची कामं आणि रविवारी हौशी संघाकडून खेळ. त्या काळी तिकडची पोरं सोळाव्या-सतराव्या वर्षीच क्लबात शिकाऊ म्हणून दाखल व्हायची. याला क्रिस्टल पॅलेसने १९८५ साली घेतलं, तेव्हा बाविसावं वर्ष पूर्ण होत आलं होतं. पुढे १९९० च्या मोसमात पाय दोनदा मोडला. एफए कपच्या अंतिम सामन्यात तो राखीव खेळाडूंत बसला होता. मँचेस्टर युनायटेडविरुद्ध बदली म्हणून उतरला आणि तीन मिनिटांत बरोबरी साधली, जादा वेळेत आणखी एक मारला. सामना ३-३ सुटला. फेरसामना पॅलेस हरलं, पण पुढच्याच वर्षी आर्सेनलने राइटला नेलं.

पण मला सांगायचं आहे ते त्याच्या शाळेतल्या मास्तरांबद्दल. सिडनी पिग्डन त्यांचं नाव. वर्गाबाहेर काढलेलं हे पोर त्यांनी जवळ केलं, लिहायला-वाचायला शिकवलं, छोट्या छोट्या जबाबदाऱ्या दिल्या. आणि सांगितलं, चेंडूवर नुसती ताकद लावू नकोस. जिमी ग्रीव्ह्ज जसा शांतपणे जाळ्यात सरकवतो तसा सरकव. पुढे कित्येक वर्षांनी आर्सेनलच्या हायबरी मैदानावरच्या स्टँडमध्ये ते मास्तर अचानक समोर आले. ते हयात नाहीत असंच राइट समजून होता. त्यांना पाहताच त्याने आधी डोक्यावरची टोपी काढली, आणि शाळकरी पोरासारखा रडला. त्या भेटीचा व्हिडिओ आहे, तो बघ. आर्सेनलचा एवढा मोठा फॉरवर्ड आपल्या मास्तरांपुढे कसा उभा राहतो ते बघ.

शाहू स्टेडियमवर मी तुझा खेळ पाहिला आहे. धाव आहे, हिंमत आहे. पण गोलकीपर एकटा समोर आला की तू मान खाली घालतोस आणि सगळा जीव एकवटून हाणतोस. चेंडू बारवरून जातो. हे सुधारण्यासारखं आहे, आणि ते सुधारल्याशिवाय निवडणाऱ्यांना नावं ठेवण्यात अर्थ नाही. तुझ्या सरांनीही तुला हेच सांगितलं असणार.

सगळेच राइट होत नाहीत. तू होशील असं वचन मी देणार नाही. म्हणून दुकानातली नोकरी सोडू नकोस. त्याचीही मजुरी सुटली नव्हती. बाइकचे दंड थकले आहेत असं ताई म्हणाली, ते या पगारात भरून टाक. असल्या किरकोळ गोष्टींनीच त्याला तुरुंग दाखवला होता.

बूट कुणाला देऊ नकोस. रविवारी सकाळी सरांकडे जा, त्यांना स्पष्ट सांग की चुकतं कुठे ते मला शिकवा. हंगाम सुरू व्हायला अजून वेळ आहे. तोवर रोज कामावरून आल्यावर, उजेड असेपर्यंत, गोलपोस्टच्या कोपऱ्यात चेंडू नुसता ठेवण्याचा सराव कर. सर काय म्हणाले ते मला कळव.

तुझा,
मामा